‘डाइंग फॉर सेक्स’ : चौथ्या स्टेजचा कॅन्सर, दोन मैत्रिणी आणि शरीराबद्दल न विचारले जाणारे प्रश्न

चौथ्या स्टेजचा कॅन्सर झाल्याचं कळल्यावर एका बाईने नवऱ्याला सोडलं आणि उरलेल्या काळात अनेक अनोळखी पुरुषांना भेटायला सुरुवात केली. ‘डाइंग फॉर सेक्स’ या अमेरिकन पॉडकास्टची गोष्ट एका वाक्यात सांगायची तर अशी सांगता येते, आणि बहुतेक ठिकाणी ती अशीच सांगितली जाते. वाक्य खोटं नाही. पण ते वाचून जो पॉडकास्ट डोळ्यांसमोर येतो, तो प्रत्यक्षात ऐकायला मिळत नाही. ऐकायला मिळतात दोन मैत्रिणी. एक सांगतेय, दुसरी मध्येच हसतेय, मध्येच “काय सांगतेस!” म्हणून दचकतेय. हळूहळू लक्षात येतं की विषय पुरुषांचा नव्हताच फारसा. वर्षानुवर्षं डॉक्टरांच्या ताब्यात असलेलं स्वतःचं शरीर परत मागायचा हा खटाटोप होता.

फेब्रुवारी २०२० मध्ये वंडरी या पॉडकास्ट कंपनीने तो प्रसिद्ध केला. तेव्हा मॉली कोचन जाऊन जवळपास वर्ष झालं होतं. २०२१ मध्ये ‘अँबीज’ या पॉडकास्ट पुरस्कारांचा पहिलाच सोहळा झाला आणि त्यात ‘पॉडकास्ट ऑफ द इयर’ हा मान ‘डाइंग फॉर सेक्स’ला मिळाला. एप्रिल २०२५ मध्ये याच गोष्टीवर एफएक्सची आठ भागांची मालिका आली. मिशेल विल्यम्सने मॉलीची आणि जेनी स्लेटने तिच्या मैत्रिणीची भूमिका केली, आणि पाच वर्षांपूर्वीचा पॉडकास्ट पुन्हा चर्चेत आला.

मॉली कोण होती?

मॉली कोचन लॉस एंजेलिसमध्ये राहायची. २००५ च्या सुमारास, तिशीत असताना, तिच्या स्तनात गाठ लागली. ‘या वयात कॅन्सर होत नाही’ अशा अर्थाचं काहीतरी सांगून डॉक्टरांनी तिला घरी पाठवलं. २०११ मध्ये निदान झालं ते कॅन्सरचंच. मग सर्जरी, केमोथेरपी, रेडिएशन ही सगळी वाट तिने चालून काढली. २०१५ मध्ये कळलं की कॅन्सर हाडांपर्यंत पोहोचलाय. म्हणजे चौथी स्टेज. आता उपचार करायचे ते आजार आटोक्यात ठेवण्यासाठी, बरं होण्यासाठी नाही.

या टप्प्यावर तिने दोन निर्णय घेतले. एक, अनेक वर्षांच्या संसारातून बाहेर पडायचं. दुसरा, शरीराला काय हवंय ते शोधायचं. तिची जवळची मैत्रीण निकी बॉयर अभिनेत्री आणि निवेदिका. मॉली एकेका भेटीची गोष्ट निकीला सांगायची, दोघी पोट धरून हसायच्या, आणि यातूनच हे रेकॉर्ड करायला हवं असं ठरलं. ८ मार्च २०१९ रोजी मॉली गेली. वय ४५. शेवटच्या टप्प्यातलं काही रेकॉर्डिंग हॉस्पिटलमधलं आहे. हे सगळं लोकांपर्यंत जावं ही तिची स्वतःची इच्छा होती. ‘स्क्रू कॅन्सर’ हे तिचं आत्मकथनही तिच्या मृत्यूनंतर, २०२० मध्ये प्रसिद्ध झालं.

नावाबद्दल थोडं. इंग्रजीत एखाद्या गोष्टीसाठी ‘डाइंग’ असणं म्हणजे तिच्यासाठी जीव कासावीस होणं. आणि शब्दशः अर्थ आहेच, मरणं. मराठीत ‘जीव टाकणं’ याच्याजवळ जातं, कारण आपण एखाद्यावर जीव टाकतो आणि शेवटी जीव टाकतोही. नाव निव्वळ खळबळीसाठी ठेवलंय असं वाटू शकतं, पण हा विनोद मॉलीच्या स्वभावाला धरून आहे.

मग पॉडकास्टमध्ये आहे तरी काय?

सुरुवातीचे भाग हलकेफुलके आहेत. डेटिंग ॲपवर भेटलेले लोक, त्यांच्या चित्रविचित्र मागण्या, फसलेल्या भेटी. कोणाला आपल्या आजाराबद्दल सांगायचं आणि कोणाला नाही, हा प्रश्न तर प्रत्येक भेटीआधी. काहींना ती सांगत नसे. त्यांच्यासमोर ती ‘पेशंट’ नव्हती, एवढंच तिला त्या तासाभरात हवं असायचं.

गंमत म्हणजे, हार्मोनच्या ज्या उपचारांनी बहुतेक स्त्रियांची कामेच्छा कमी होते, त्यांच्या काळात मॉलीची इच्छा उलट वाढली. असं प्रत्येकीचं होत नाही, किंबहुना बहुतेकींचं होत नाही. मॉलीचा अनुभव हा नियम समजून कोणी आपल्या आजारी बायकोकडून किंवा स्वतःकडून तशी अपेक्षा ठेवू नये.

पुढच्या भागांत सूर बदलतो. लहानपणी आईच्या मित्राने आपलं लैंगिक शोषण केलं होतं, हे मॉली सांगते. तिथून आधीचे विनोदी भाग नव्याने समजायला लागतात. ज्या शरीरावर लहानपणी दुसऱ्याने हक्क गाजवला, मोठेपणी ज्याचा ताबा आजाराने आणि हॉस्पिटलने घेतला, त्या शरीराबद्दल ‘हो’ आणि ‘नाही’ आता ती स्वतः म्हणत होती. समोरच्या पुरुषाला थांब म्हणता येणं, अमुकच कर म्हणता येणं, याचं तिला किती अप्रूप होतं ते तिच्या बोलण्यातून कळतं. शेवटी ती पोहोचते ती कुणा पुरुषापाशी नाही. स्वतःवर प्रेम बसलं, असं ती सांगते. हे वाक्य एरवी कुठल्याही मोटिव्हेशनल रीलमध्ये सापडेल. मरणाच्या दारातल्या बाईच्या तोंडून ते वेगळं ऐकू येतं, त्याला इलाज नाही.

‘टर्मिनल’ म्हणजे किती दिवस?

आपल्या डोक्यात शेवटच्या स्टेजचा पेशंट म्हणजे अंथरुणाला खिळलेला, दोन-चार आठवड्यांचा सोबती. स्तनाच्या कॅन्सरमध्ये हे चित्र अनेकदा चुकीचं ठरतं. शरीरात इतरत्र पसरलेला स्तनाचा कॅन्सर सापडलेल्या स्त्रियांपैकी अमेरिकेत साधारण तिघींतली एक पाच वर्षांनंतरही हयात असते. मॉली निदानानंतर साडेतीन-चार वर्षं जगली. या काळात माणसं नोकरी करतात, भाजी आणतात, भांडतात, प्रवास करतात. मग जवळीक हीच एक गोष्ट पहिल्या दिवशी बंद झाली, असं का धरून चालायचं?

कॅन्सरचे उपचार शरीरसंबंधांचं काय करतात?

पॉडकास्ट ऐकताना हा प्रश्न सारखा पडतो, आणि त्याचं उत्तर पॉडकास्टमध्ये विखरून आहे. म्हणून इथे जरा सविस्तर.

स्तनाचे बरेचसे कॅन्सर इस्ट्रोजेन या स्त्री-हार्मोनवर पोसले जातात. त्यामुळे उपचाराचा मोठा भाग म्हणजे हे खाद्य तोडणं. टॅमॉक्सिफेनसारखं औषध इस्ट्रोजेनला पेशीच्या दारातच अडवतं. ॲरोमटेज इनहिबिटर गटातली औषधं ते तयारच होऊ देत नाहीत. पाळी सुरू असलेल्या स्त्रीची बीजाशयं इंजेक्शनने किंवा सर्जरीने बंद केली जातात. निसर्ग जी रजोनिवृत्ती काही वर्षांत सावकाश आणतो, ती इथे काही आठवड्यांत येऊन आदळते. अंगातून वाफा येतात, झोप उडते, योनीमार्ग कोरडा आणि नाजूक होतो, संबंधांच्या वेळी दुखतं. एकदा दुखलं की पुढच्या वेळी शरीर आधीच आखडतं, आणि आखडलं की आणखी दुखतं.

केमोथेरपीचा थकवा हा झोपून जाणारा थकवा नाही. मळमळ, तोंडातले फोड, हातापायांना मुंग्या, गेलेले केस हे सगळं सोबतीला. स्तन काढल्यावर पुनर्रचनेची सर्जरी केली तर आकार परत मिळतो, स्पर्श कळणं बहुधा परत मिळत नाही. बाहेरून सगळं ठीक दिसतं आणि आत बधिरपणा असतो. जोडीदाराला हे सांगितल्याशिवाय कळत नाही. वेदनेसाठी दिलेली मॉर्फिनच्या गटातली औषधं आणि नैराश्यावरच्या काही गोळ्या यांनीही इच्छा मंदावते.

पुरुषांचंही यातून सुटत नाही. प्रोस्टेटच्या कॅन्सरमध्ये टेस्टोस्टेरॉन तोडलं जातं, त्याने इच्छा आणि ताठरता दोन्ही जातात. स्टोमाची पिशवी लावलेला माणूस, ऑक्सिजनच्या नळीवरचा फुप्फुसाचा पेशंट, प्रत्येकाची अडचण वेगळी.

आता ज्या गोष्टी करता येतात त्या. कॅन्सर संसर्गजन्य नाही. चुंबनाने, संबंधांनी तो जोडीदाराला होत नाही, आणि पेशंटचा वाढतही नाही. हे लिहायची गरज पडू नये, पण पडते. केमोचा डोस झाल्यानंतर काही दिवस औषधाचे अंश शरीरातल्या स्रावांमध्ये असतात, म्हणून त्या दिवसांत कंडोम वापरायला सांगतात. प्लेटलेट किंवा पांढऱ्या पेशी फार खाली गेल्या असतील तर रक्तस्राव आणि इन्फेक्शनचा धोका असतो, तेव्हा थांबायचं. कॅन्सर हाडांत असेल तर कोणत्या हाडावर भार नको हे डॉक्टरांना विचारून घ्यायचं, उशा आणि कुशीवरची स्थिती कामाला येते. कोरडेपणासाठी पाण्यावर आधारित वंगण आणि नियमित लावायचं मॉइश्चरायझर मिळतं. इस्ट्रोजेनचं क्रीम मात्र कॅन्सरच्या डॉक्टरांना विचारल्याशिवाय नाही. वेदनाशामक गोळीची वेळ थोडी पुढे-मागे करता येते. दिवसातला जो तास बरा जातो तो निवडायचा, मग ती सकाळी अकराची वेळ का असेना.

आणि ‘जवळीक’ म्हणजे संभोगच असं नाही. आजारी माणसाला दिवसभरात बरेच हात लागतात. सुई टोचायला, बीपी बघायला, ड्रेसिंग बदलायला, कूस वळवायला. कामाशिवाय लागलेला हात फार कमी. डोक्यावरून फिरणारा, काही तपासत नसलेला. मॉलीच्या गोष्टीत हॉस्पिटलच्या खाटेवरून पाठवलेले मेसेजही जवळीक म्हणून येतात.

डॉक्टर हे विचारत का नाहीत?

ओपीडीत दहा मिनिटं असतात. डॉक्टरला वाटतं पेशंट लाजेल. पेशंटला वाटतं, जीव वाचवायला आलोय आणि हे काय विचारायचं! दोघंही गप्प राहतात आणि दोघांनाही वाटतं की समोरच्यासाठी हा विषय महत्त्वाचा नाही.

ही कोंडी फोडायला अमेरिकन मानसशास्त्रज्ञ जॅक ॲनन यांनी १९७६ मध्ये एक साधी चौकट मांडली, तिचं नाव ‘प्लिसिट’. चार पायऱ्या आहेत. आधी परवानगी, म्हणजे हा विषय इथे काढायला हरकत नाही हे पेशंटला जाणवू देणं. मग थोडी माहिती. मग नेमक्या सूचना. आणि गरज पडलीच तर तज्ज्ञाकडे पाठवणं. शेवटच्या पायरीपर्यंत फार थोड्यांना जावं लागतं. “या औषधाने अनेकांना शरीरसंबंधांत त्रास होतो, तुम्हाला काही जाणवतंय का?” एवढं एक वाक्य पहिल्या पायरीला पुरतं. ते नर्सही विचारू शकते.

मालिकेत हे काम सोन्या नावाची समाजसेविका करते. ती पॅलिएटिव्ह केअरच्या टीममधली आहे. पॅलिएटिव्ह केअर म्हणजे वेदना आणि त्रास कमी करणारी, शरीरासोबत मनाचं आणि घरच्यांचंही पाहणारी सेवा. तिची आजची मांडणी बरीचशी डॉ. सिसिली सॉन्डर्स यांच्याकडून येते. त्यांनी १९६७ मध्ये लंडनमध्ये सेंट ख्रिस्तोफर्स हॉस्पिस सुरू केलं. ही सेवा म्हणजे ‘आता काही उरलं नाही’ अशी समजूत सगळीकडेच आहे. प्रत्यक्षात २०१० मध्ये ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये आलेल्या एका अभ्यासात, पसरलेल्या फुप्फुसाच्या कॅन्सरच्या ज्या रुग्णांना सुरुवातीपासून ही सेवा मिळाली ते सरासरी ११.६ महिने जगले, ज्यांना फक्त नेहमीचे उपचार मिळाले ते ८.९ महिने. दिवसही थोडे जास्त आणि ते कमी त्रासाचे.

महाराष्ट्रात अशी सेवा नवीन नाही. मुंबईत वांद्र्याला डॉ. एल. जे. डिसूझा यांनी १९८६ मध्ये सुरू केलेलं शांती आवेदना सदन हे देशातलं पहिलं हॉस्पिस मानलं जातं, त्याची शाखा गोव्यातही आहे. पुण्यात वारज्याला सिपला पॅलिएटिव्ह केअर सेंटर १९९७ पासून आहे. अर्थात सेवा असणं आणि तिथे हा विषय निघणं यात अंतर आहे. आपल्या घरांत तर पेशंटची कॉट बहुतेकदा हॉलमध्ये असते. भेटायला येणाऱ्यांना सोयीची, टीव्हीसमोर, दार नसलेली. नवरा-बायकोला दहा मिनिटं एकटं सोडावं हे सुचायलाही कोणीतरी वडीलधारं माणूस लागतं.

मालिका आणि पॉडकास्ट यांत फरक काय?

मालिका एलिझाबेथ मेरीवेदर आणि किम रोझनस्टॉक यांनी लिहिली, निकी बॉयर तिच्या कार्यकारी निर्मात्यांपैकी एक आहे. गोष्ट लॉस एंजेलिसहून न्यूयॉर्कला नेलीय. जोडप्याच्या समुपदेशनाला बसलेली असतानाच मॉलीला आजार परतल्याचा फोन येतो, तिथून ती सुरू होते. शेजारी राहणारा पुरुष, ज्याची भूमिका रॉब डेलेनीने केलीय, ते बरचसं लेखकांनी रचलेलं पात्र. आईची भूमिका सिसी स्पेसेकने केलीय आणि तिला मालिकेत बरीच जागा मिळते.

मला सर्वांत लक्षात राहिला तो शेवटच्या भागातला हॉस्पिसच्या नर्सचा प्रसंग. मरताना शरीराचं टप्प्याटप्प्याने काय होतं, भूक कशी जाते, झोप कशी वाढते, श्वास कसा बदलतो, हे ती मॉलीला आणि घरच्यांना जवळजवळ उत्साहाने समजावून सांगते. बाळंतपणाबद्दल सुईण बोलावी तसं. शरीराला काय हवं हे कळण्याचा जो शोध मॉलीने चालवला होता, त्याचंच हे पुढचं पान. आपल्याकडे जवळचं माणूस जाताना घरच्यांना हे कोणी सांगत नाही आणि श्वासाची घरघर सुरू झाली की सगळे घाबरून ॲम्ब्युलन्स बोलावतात.

आक्षेप काय आहेत?

आहेत, आणि ते झटकून टाकण्यासारखे नाहीत. पहिला नवऱ्याचा. ज्याने वर्षानुवर्षं औषधांच्या वेळा सांभाळल्या त्याची बाजू पॉडकास्टमध्ये जवळजवळ नाही. मालिकेत तो निदान दिसतो, हतबल आणि दमलेला. सेवा करता करता तो जोडीदाराचा सेवक झालाय आणि बायकोला हात लावायची त्याला भीती वाटते. अशी भीती अनेक घरांत असते. आपल्याला दुखेल, त्रास होईल म्हणून एक जण हात आखडता घेतो आणि दुसऱ्याला वाटतं, आता आपण नकोसे झालो. सोडून जाणं हा मॉलीचा मार्ग होता. याच कोंडीतून बोलून बाहेर पडलेल्या जोडप्यांची गोष्ट इथे नाही, आणि ती असायला हवी होती असं मला ऐकताना वाटत राहिलं.

दुसरा आक्षेप पैशाचा. मोठ्या शहरातलं राहणं, उपचारांची सोय, मूल नाही, नवऱ्यापासून वेगळं होता येण्याची मुभा, हे सगळं मॉलीकडे होतं. ज्या बाईचा आजारपणातला आधार म्हणजेच नवरा आणि सासर आहे, तिच्यासाठी हे धाडस परीकथेसारखं. तिसरा सुरक्षिततेचा. अनोळखी माणसांना भेटणं, तेही प्रतिकारशक्ती कमी असताना, यात धोका होताच. निकीची काळजी पॉडकास्टभर ऐकू येते.

ऐकायचा असेल तर

भाग थोडेच आहेत, अर्ध्या तासाच्या आसपासचे, आणि क्रमानेच ऐकायला हवेत. भाषा मोकळी आहे, त्यामुळे घरात स्पीकरवर लावण्यासारखा नाही. बालपणीच्या शोषणाचा उल्लेख नंतरच्या भागांत येतो, ज्यांना त्याचा त्रास होऊ शकतो त्यांनी ते लक्षात ठेवावं. घरात सध्या कोणी आजारी असेल तर शेवटचा भाग रात्री एकट्याने नको. आधी मालिका पाहिली तरी चालते, फक्त मालिकेत मॉलीचा चेहरा मिशेल विल्यम्सचा होतो आणि मग पॉडकास्टमधला खरा आवाज, थोडा खट्याळ, भराभर बोलणारा, कानाला सरावायला पहिली काही मिनिटं जातात.